पोइचाला सासूबाई आणि पोरांना घेऊन जावं का, रात्र राहावं का?

दांडियाबाजार_सून:
दिवाळीत सासूबाई पुण्याहून बडोद्याला येतायत, वय 74, गुडघे दुखतात पण देवदर्शन म्हटलं की सगळ्यांच्या आधी चपला घालून दारात उभ्या. पोरं 7 आणि 10 ची, त्यांना देऊळ म्हटलं की पोटात दुखतं. कोणीतरी म्हणालं नर्मदाकाठी पोइचाचं नीलकंठधाम बघा, देऊळ, बोटिंग, लायटिंग सगळं एकाच जागी, राहायला खोल्या पण मिळतात. मी सासूबाईंना सांगून बसले की शंकराचं देऊळ आहे, त्यांनी बेल तोडून ठेवायला सांगितलाय. त्याच दिवशी स्टॅच्यू ऑफ युनिटी उरकेल का?

मांडवीवाला:
बेल राहू दे आधी 😀 हा नीलकंठ शंकर नव्हे. स्वामिनारायण पंथाचे संस्थापक स्वामिनारायण 1792 साली 11 व्या वर्षी घर सोडून निघाले, सात वर्षं पायी भटकले, तेव्हाचं त्यांचं नाव नीलकंठ वर्णी. हे देऊळ स्वामिनारायण गुरुकुलवाल्यांनी बांधलंय, 2013 ला सुरू झालं. शंकर हवाच असेल तर समोरच्या काठावर करनाळीला कुबेर भंडारी आहे, बेल तिकडे वाहा. फक्त अमावस्येला नको, म्हणजे लक्ष्मीपूजनाला तर मुळीच नको, पाय ठेवायला जागा नसते.
आणि भर दुपारी जाऊ नका. आम्ही मे महिन्यात अडीचला पोचलो, चपला बाहेर, फरशी तव्यासारखी, माझे बाबा टाचांवर उड्या मारत गाभाऱ्यापर्यंत गेले आणि आई हसून हसून खाली बसली ती लगेच ओरडत उठली. चारनंतर पोचा, पोरांना सहजानंद युनिव्हर्समध्ये सोडा (तिथलंच थीम पार्क, तिकीट वेगळं, चालणं भरपूर, सासूबाईंना नेऊ नका), अंधार पडला की सगळे मिळून देवळात. दिवे पाण्यात पडतात ते बघण्यासारखं आहे.

रेवाकाठ:
मला ती जत्रा वाटते बुवा. हात जोडले की मागून कोणीतरी विचारतं पुढची राइड कुठली. 74 च्या बाईंना गरुडेश्वरला न्या, दत्तभक्त टेंबे स्वामींची समाधी आहे, 1914 ला तिथेच देह ठेवला त्यांनी. घाटाच्या पायऱ्या उतरू नका, वरच बसा, शांत असतं. स्टॅच्यू तिथून जवळ, तो दुसऱ्या दिवशी, आणि सोमवारी बंद. पोइचाला नदीत मात्र कोणाला उतरू देऊ नका, मे 2024 मध्ये माणसं बुडालीत तिथे.

मांडवीवाला:
जत्रा कुठल्या देवाची नसते काका? जेजुरीला काय शांत असतं?

सेवउसळ_प्रेमी:
राहायचं असेल तर दिवाळीच्या आधी जा. पाडव्यापासून लाभपाचमेपर्यंत (कार्तिक शुद्ध पंचमी) अख्खं गुजरात गाडी काढतं, खोली विसराच. जेवणात कांदालसूण नसतो, पोरांसाठी डबा घ्या.

दांडियाबाजार_सून:
सासूबाईंना फोन केला. म्हणाल्या, "टेंबे स्वामी तिथे आहेत आणि तू मला बोटिंग सांगतेस?" आता पहिला दिवस गरुडेश्वर, दुसरा पोइचा, बेल करनाळीला. पोरांना अजून सांगितलं नाहीये.