कालचा सिनेमा आणि मूळ नाटक

(सोसायटीच्या ग्रुपवरची चर्चा, नावांऐवजी घर क्रमांक)

बी-३०२ (सकाळी ८:१०): काल हॉलमध्ये सिनेमाला आलेल्या सगळ्यांचे मनापासून आभार. 'यू कान्ट टेक इट विथ यू', मनाला येईल तसं जगणाऱ्या एका आजोबांच्या कुटुंबाची गोष्ट, १९३८ सालचा, कृष्णधवल, दोन तासांच्या वर लांबीचा. तरी मुलंसुद्धा शेवटपर्यंत बसली याचा फार आनंद झाला.

ए-१०४ (८:२२): काका, आमची धाकटी सकाळपासून सिनेमातल्या त्या नाचणाऱ्या नातीसारख्या, एसीसारख्या, गिरक्या घेतेय. तळघरात फटाके तयार करणारे बाबा तर दोघींनाही फार आवडले.

बी-३०२ (८:२५): एसीचं काम करणारी ती ॲन मिलर. तेव्हा जेमतेम १५ वर्षांची होती!

सी-२०१ (९:०५): काका, सिनेमा छानच होता. पण मी मूळ नाटक वाचलंय, म्हणून जरा सविस्तर लिहिते. जॉर्ज कॉफमन आणि मॉस हार्ट यांचं हे नाटक. न्यूयॉर्कच्या बूथ थिएटरात १४ डिसेंबर १९३६ ला पहिला प्रयोग झाला, पुढच्या वर्षी पुलित्झर पुरस्कार मिळाला, आणि सिनेमा आला तेव्हा ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या नाट्यगृहांच्या भागात, ते चालूच होतं. नाटकातला कर्बी हा फक्त आजोबांच्या नातीच्या होणाऱ्या नवऱ्याचा श्रीमंत बाप. आजोबांच्या घराशी त्याला काही घेणंदेणं नाही. कर्बीचा दारूगोळ्याचा धंदा, प्रतिस्पर्ध्याच्या कारखान्याभोवतीचे बारा ब्लॉक विकत घेणं, घर द्यायला नकार देणारे आजोबा, हे सगळं दिग्दर्शक कॅप्रा आणि पटकथाकार रॉबर्ट रिस्किन यांनी घातलेलं. नाटक पहिल्यापासून शेवटपर्यंत एका दिवाणखान्यात घडतं. सरकारी माणसं सगळ्यांना धरून नेतात, पण तुरुंग आपल्याला दिसत नाही. लोक दुसऱ्या दिवशी घरी परततात तेव्हा पुढचं कळतं. चुकीच्या रात्री कर्बी मंडळी पाहुणे म्हणून दारात उभी, घरात फ्रँकफर्टर सॉसेज आणि डबाबंद मासे, एवढ्यावर अख्खा अंक रंगतो. ते घर कोणी हिसकावून घेणार नसतं. बाहेरून आलेल्या माणसाला ते सोसेल का, एवढाच प्रश्न. सिनेमाने खलनायक आणला आणि प्रश्न सोपा करून टाकला, असं मला वाटतं.

बी-३०२ (९:३१): ताई, नाटकाबद्दल तुम्ही म्हणता ते मान्य. पण कोर्टाचा प्रसंग आठवा. आजोबांना दंड झाल्यावर शेजारीपाजारी स्वतःच्या खिशातून पैसे काढून टोपीत टाकतात. नाटकात हे शेजारी नाहीतच. सिनेमात आजोबांनी घर विकलं तर अख्खी आळी उठणार असते, म्हणून त्यांचा नकार एकट्याचा राहत नाही. अमेरिकेत मंदीची वर्षं चालली होती, थिएटरात बसलेल्या कितीतरी लोकांनी घर सोडायची वेळ जवळून पाहिली असेल. हा प्रसंग दिवाणखान्यात बसून दाखवताच आला नसता. मला वाटतं सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि दिग्दर्शन, ही दोन्ही ऑस्कर त्याला योग्यच मिळाली.

सी-२०१ (९:४०): कोर्टाच्या वेळी माझेही डोळे भरून आले, खरं सांगते. फक्त सिनेमाने नाटकातली ग्रँड डचेस ओल्गा गाळली याची हळहळ वाटते. रशियातल्या राजघराण्यातली बाई, क्रांतीनंतर न्यूयॉर्कच्या हॉटेलात वेट्रेसचं काम करतेय, आणि या घरी येऊन स्वतः सगळ्यांसाठी ब्लिंट्झ (सारण भरलेली पातळ धिरडी) करते. सगळं गमावलेलं माणूस त्या घरात किती सहज सामावतं!

ए-५०१ (१०:१५): मला एक गोष्ट खटकली, बोलून टाकते. त्या घरात प्रत्येकाला मनासारखं जगायची मोकळीक आहे. टंकलेखन यंत्र चुकून घरी आलं म्हणून आई नाटकं लिहायला लागते. आणि घरातली कामवाली रीबा? ती कृष्णवर्णीय, तिने स्वयंपाक करायचा आणि ताटं मांडायची. तिला काय करायला आवडतं हे कोणी विचारत नाही.

सी-२०१ (१०:२१): अगदी बरोबर. नाटकातही तेच आहे. इतक्या वेळा वाचूनही मी त्यावर कधी थांबले नव्हते.

बी-३०२ (१०:२४): माझ्याही लक्षात आलं नव्हतं. पुन्हा बघताना रीबाकडे बघेन.

ए-००२ (११:०२): आईंचा निरोप टाइप करतेय. त्या विचारतात, आजोबा कुबड्यांवर होते ते नाटकातही तसंच आहे का?

बी-३०२ (११:०९): काकूंना सांगा, नाही. आजोबांचं काम करणारे लायोनेल बॅरिमोर यांना संधिवाताचा फार त्रास होता, चालणं कठीण झालं होतं. म्हणून सिनेमात पाय प्लास्टरमध्ये दाखवला, आणि नातीच्या पैजेखातर जिन्याच्या कठड्यावरून घसरताना दुखावला असं कारण दिलं.

ए-००२ (११:२०): आई म्हणतात, वाटलंच होतं. बसताना आधी हात कुठे टेकायचा ते तो माणूस बघत होता, ते दुखण्याशिवाय येत नाही.

ए-१०४ (११:२६): सी-२०१ ताई, आयकरवाला येतो तो प्रवेश नाटकातून मुलांकडून वाचून घ्याल का पुढच्या रविवारी?

सी-२०१ (११:३३): नक्की. आजोबांचं वाचन बी-३०२ काकांनी करावं. पुस्तक संध्याकाळी वॉचमनकडे ठेवते.

ए-००२ (११:४०): आईंसाठी हाताची खुर्ची पुढे ठेवा, त्या येणार म्हणतात.