'लोकी'तला काळाचा माग: ट्यून करायचा की मोडायचा?

जॉबरचा_मुलगा

मार्व्हलच्या 'लोकी' सिरीजचा दुसरा सीझन परत बघितला आणि परत त्याच जागी अडकलो, म्हणून हा धागा. शेवट सांगणारे, तेव्हा २०२३ पासून ज्यांचा बघायचा राहिलाय त्यांनी इथेच थांबा.

थोडक्यात आठवण करून देतो. टीव्हीए म्हणजे काळावर पहारा ठेवणारी संस्था, तिच्या बाहेर एक अवाढव्य माग आहे, टेम्पोरल लूम, त्यात कच्चा काळ जातो आणि विणलेली टाइमलाइन बाहेर पडते. सिल्वीने (लोकीचंच दुसरं रूप) 'ही हू रिमेन्स'ला, म्हणजे हे सगळं उभं करणाऱ्याला, मारल्यापासून टाइमलाइनच्या फांद्या बेसुमार वाढल्यात आणि मागाला लोड झेपत नाही. टीव्हीएचा तंत्रज्ञ ओबी, त्याचा उपाय म्हणजे थ्रूपुट मल्टिप्लायर, मागाची क्षमता वाढवणारं यंत्र, पण तो बाहेर नेऊन बसवायचा आणि बाहेर रेडिएशन असं की चौथ्या एपिसोडमधे ते बसवायला निघालेला व्हिक्टर टाइमली बाहेर पडतो न पडतो तोच शेवयांसारखा उसवून जातो. लोकी मग शेकडो वर्षं फिजिक्स शिकतो, तोच प्रसंग पुन्हा पुन्हा जगतो, एकदाचा मल्टिप्लायर बसतो, आणि तरी माग फुटतोच. अमर्याद वाढणाऱ्या फांद्यांना पुरेल असा माग होऊच शकत नाही. शेवटी तो माग मोडून सगळे धागे स्वतःच्या हातात घेतो.

माझं मत, मोडला ते बरोबर केलं. बाबा इचलकरंजीत पॉवरलूमवर जॉबर होते, म्हणजे माग बिघडला की हाक त्यांनाच. साध्या मागात सुद्धा अशी सोय असते की धोटा पलीकडच्या पेटीत वेळेवर पोचला नाही तर माग धाडकन जागेवर थांबतो. का, तर धोटा मधेच अडकला असताना फणी आदळली तर ताण्याचे शेकडो धागे एका दमात तुटतील. म्हणजे मागाने धक्का खायचा पण धागा वाचवायचा. आणि या लूमचा फेलसेफ काय करतो? ओव्हरलोड झाला की बाकीच्या सगळ्या फांद्या जाळतो आणि 'ही हू रिमेन्स'ने ठरवलेली एकच सेक्रेड टाइमलाइन ठेवतो. असा माग ट्यून करून काय मिळणार, तो बिघडलेलाच नव्हता, ज्याने बनवला त्याला हवं तसंच चालला होता.

प्लांट_मेंटेनन्स

पूर्ण असहमत. फेलसेफ चुकीचा होता हे मान्य, पण म्हणून अख्खं मशीन मोडायचं? मी रोज प्लांटवर काम करतो, एखादी इंटरलॉक (धोका दिसला की मशीन आपोआप थांबवणारी सोय) चुकीच्या गोष्टीवर ट्रिप होत असेल तर आम्ही इंटरलॉक बदलतो, बॉयलर फोडत नाही. आणि मोडून मिळालं काय, एक माणूस सिंहासनावर बसून सगळे धागे धरून. त्याला काही झालं तर बॅकअप कुठाय? शेकडो वर्षं शिकायला मिळाली होती, तेवढ्यात एकाच्या जागी अनेक छोटे माग करता आले असते आणि फांद्या वाटून देता आल्या असत्या. हे कुणी सुचवलं सुद्धा नाही याचाच मला राग येतो.

उभा_धागा

@प्लांट_मेंटेनन्स, इंटरलॉक बदलणार कसा, मागाजवळ जायलाच धड जमत नव्हतं. आणि फांदी म्हणजे फक्त लोड असं धरून बोलताय तुम्ही. दुसऱ्या एपिसोडमधे टीव्हीएतल्या जनरल डॉक्सची माणसं फांद्यांवर बॉम्ब टाकतात तेव्हा तिथल्याच बी-१५ या अधिकारी बाईचा चेहरा आठवा, स्क्रीनवरची एकेक रेघ विझते म्हणजे आख्खी जगं माणसांसकट जातात. मला तो सीन अजून बघवत नाही. लोड कमी करा म्हणणारा प्रत्येकजण तिथे तेच सांगत असतो, फक्त सभ्य शब्दात.

रात्रपाळी

चेर्नोबिल आठवलं. २६ एप्रिल १९८६ ला रिअ‍ॅक्टर बंद करायचं एझेड-५ बटण दाबलं आणि अणुक्रिया रोखणारे कंट्रोल रॉड खाली जायला लागले, पण त्यांच्या टोकाला ग्राफाइटचे भाग होते त्यामुळे सुरुवातीला खालच्या बाजूला पॉवर उलटी वाढली. म्हणजे वाचवायला ठेवलेलं बटणच घातक निघालं. पण पुढचं पण बघा, त्या जातीचे बाकीचे रिअ‍ॅक्टर लगेच मोडले नाहीत, रॉडचं डिझाइन बदललं आणि वर्षानुवर्षं चालवले. त्यामुळे मी इथे प्लांटवाल्यांच्या बाजूने.

जॉबरचा_मुलगा

@रात्रपाळी, उदाहरण चांगलंय पण फरक बघा ना. चेर्नोबिलला कुणाला स्फोट नको होता, ती चूक होती, चूक दुरुस्त होते. इथे 'ही हू रिमेन्स' स्वतः लोकीला समोर बसवून सांगतो की फांद्या जळणं हेच लूमचं काम. हेतूच तो असेल तर त्यात कुठला स्क्रू पिळणार?

बॅकअपचा मुद्दा मात्र मला खोडता येत नाही. काल बाबांना फोनवर सगळी गोष्ट सांगितली, त्यांनी सिरीज बघितली नाहीये, पण सगळं ऐकून त्यांनी पहिला प्रश्न विचारला, "अरे पण बीम कोण भरत होतं?" म्हणजे मागाला ताण्याचा धागा पुरवत कोण होतं.

उभा_धागा

काकांना सांगा, कुणीच नाही आणि सगळेच. जो कुणी ठरल्यापेक्षा वेगळं वागला त्याची एक फांदी. म्हणून तर ती थांबवता येत नाही, आणि थांबवूही नये.

प्लांट_मेंटेनन्स

ते पटलं. मोडण्याबद्दल भांडत नाही आता. पण त्या खुर्चीवर शिफ्ट बदलायला दुसरं कुणी येणार नाही, ही गोष्ट मी चांगला शेवट म्हणून घेऊ शकत नाही. ओबी अजून तिथेच आहे, टूलबॉक्स आहे, वेळ तर हवा तेवढा आहे. त्याच्यासाठी काहीतरी बनवा की.