कसबा संगमेश्वर एवढं आत, मग तिथे बंदर कसं काय होतं?

खाडीकाठचा:
नमस्कार मंडळी. माझं आजोळ कसबा संगमेश्वर. जुनी माणसं सांगतात की इथे पूर्वी गलबतं लागायची. पण समुद्र तर पार तिकडे जयगडला, आणि मे महिन्यात शास्त्री नदीचं पात्र बघावं तर नुसते दगडगोटे. मग बंदर कसं? भाच्यांना गाव दाखवायचंय, आणि सगळे फक्त १६८९ चं, संभाजी महाराज इथे पकडले गेले त्याचं, बोलतात, त्याआधीचं कोणी सांगतच नाही.

देवरुखकर:
बंदर होतंच हो. कोकणात असं बऱ्याच ठिकाणी आहे, राजापूर बघा, चिपळूणचं गोवळकोट बघा. उघड्या किनाऱ्यावर वाऱ्याची आणि चाच्यांची भीती, आणि घाटावरचा माल यायचा बैलांच्या पाठीवर, तो जितका आत गलबतात चढेल तितकी बैलांची वाट कमी. भरतीचं पाणी खाडीतून वर चढायला लागलं की त्याच्यावर गलबतं वर आणायची आणि ओहोटीला भरून खाली सोडायची. शिवकाळातल्या आरमारात तर 'संगमेश्वरी' म्हणून लढाऊ नावच होती. पुढे घात केला गाळाने. डोंगरउतारावरची झाडं गेली आणि आपल्याकडचा पाऊस तुम्हाला माहितीच आहे, सगळी माती नदीत. मोठी गलबतं खाली फुणगूस, डिंगणीकडेच थांबायला लागली.

सोनवीकाठ:
कर्णेश्वर दाखवल्याशिवाय भाच्यांना परत नेऊ नका! अलकनंदा नदी शास्त्रीला मिळते तिथलं देऊळ. आपल्याकडे घरं, गडगे सगळं जांभ्याचं, पण हे काळ्या दगडात आहे, जांभ्यात असलं बारीक कोरीव काम होतच नाही. आत गेलात की मान वर करून छत बघा, अष्टदिक्पाल, म्हणजे आठ दिशांचे रक्षक देव, आपापल्या वाहनांवर बसलेत. चालुक्य राजा कर्णाने बांधलं अशी परंपरा आहे. एवढं काम करून घ्यायचं म्हणजे गावात पैसा खेळत असणार, आणि तो या व्यापारातूनच आला असं मला तरी वाटतं.

घाटवाट:
वरच्या दोघांशी सहमत, पण १६८९ सुद्धा याच वाटांशी जोडून सांगा ना. संभाजी महाराज खेळण्याहून, म्हणजे विशाळगडाहून, रायगडाकडे निघाले होते, कसबा त्या वाटेवरचं. औरंगजेबाचा सरदार मुकर्रबखान कोल्हापूरकडून घाट उतरून आला आणि १ फेब्रुवारीला महाराज आणि कवी कलश पकडले गेले. मराठ्यांचे सेनापती म्हाळोजी घोरपडे तिथेच लढताना पडले. ज्या घाटवाटांनी गावाला माल यायचा तसल्याच वाटेने शत्रू आला, पोरांना हे कळलं की सगळा इतिहास एकदम जोडला जातो. नाहीतर लोक स्मारकाजवळ फोटो काढतात आणि नदीकडे न बघता निघून जातात, फार वाईट वाटतं ते बघून.

खाडीकाठचा:
मनापासून आभार सगळ्यांचे. आजीकडून तिच्या सासऱ्यांनी सांगितलेल्या जागा विचारून घेतो, गलबतं कुठे लागायची, बैल कुठे उतरायचे, आणि नकाशावर खुणा करून इथेच टाकतो.

देवरुखकर:
नक्की टाका. आणि जमलं तर होडीने फुणगूसपासून भरतीबरोबर वर या, पाणी कुठपर्यंत चढतं ते भाच्यांना डोळ्यांनी दिसेल.