काळाच्या जादूवर जादूगारांचंच मंडळ? मला पटत नाही

रातकिडा:
बरेच महिने एक कल्पित जग रचतोय, त्यातली एक गाठ सुटत नाहीये म्हणून इथे मांडतो. त्या जगात काळाची जादू खरी आहे, मागे जाऊन घडलेलं बदलता येतं, आणि त्यावर बारा जादूगारांचं एक मंडळ आहे. परवाना तेच देणार, चौकशी तेच करणार, शिक्षाही तेच सुनावणार. आधी मला यात काही वावगं वाटत नव्हतं. मग मंडळाच्या कारकुनाचा प्रसंग लिहायला घेतला. रात्री तो जुनी नोंदवही चाळत बसलाय आणि एका पानावर त्याच्याच अक्षरात ओळ आहे, 'विहिरीत पडलेला मुलगा, आईचा अर्ज, फेटाळला', खाली त्याचीच सही, आणि यातलं त्याला काही म्हणजे काहीच आठवत नाही. त्या गावात विहीरच नाहीये. कधी नव्हतीच म्हणे.
हे लिहून झालं आणि माझं मतच फिरलं. बाकी कुठल्याही सत्तेनं अन्याय केला तर निदान ज्याच्यावर झाला त्याला तो माहीत असतो, तो बोंब मारू शकतो. इथे तक्रार करणारा माणूसच उरत नाही, कारण त्याच्या आठवणीतूनही ते गेलेलं असतं. असलं मंडळ नसलेलंच बरं.

लंबक:
सपशेल असहमत. मंडळ नको तर मग काय, ज्याला मंत्र येतो त्याने उठावं आणि कालचा दिवस बदलावा? दहा जणांनी एकच दिवस दहा तऱ्हांनी बदलला तर सकाळी उठणाऱ्या माणसाने कुठल्या जगात उठायचं? आपल्याकडे जादू नाही तरी साधा एक सेकंद कुणाला परस्पर वाढवता येत नाही. १९७२ पासून आजवर २७ लीप सेकंद, म्हणजे घड्याळं पृथ्वीच्या फिरण्याशी जुळवायला जादा सेकंद, घातले गेले, शेवटचा २०१६ च्या ३१ डिसेंबरला, आणि प्रत्येक वेळी पृथ्वीचं फिरणं मोजून काही महिने आधी जगभर कळवूनच. कुणीतरी एकाने ठरवायचं आणि बाकीच्यांनी मानायचं, त्याशिवाय वेळ ही गोष्ट चालतच नाही. आणि ठरवणार कोण, तर ज्याला त्यातलं कळतं तोच. १९७५ साली कॅलिफोर्नियात असिलोमारच्या परिषदेत जनुकं जोडण्याच्या प्रयोगांवर बंधनं कुणी सुचवली? ते प्रयोग करणाऱ्या शास्त्रज्ञांनीच, आणि त्याआधी काही प्रयोग आपणहून थांबवलेही होते.

रातकिडा:
लीप सेकंदाचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे बघा. ते आधी जाहीर होतं, ज्याला शंका येईल तो स्वतः मोजून बघू शकतो. १५८२ मध्ये पोपने कॅलेंडर सुधारलं तेव्हा ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर आला, दहा तारखा गायब, पण प्रत्येकाला माहीत होतं की गायब झाल्यात. असिलोमारचंही तेच, कुणी खोटं बोललं असतं तर दुसऱ्या प्रयोगशाळेत पकडलं गेलं असतं. माझ्या मंडळाची चूक पकडायला दुसरी प्रयोगशाळा कुठून आणू?

सापेक्ष:
मला तर दोघांचं भांडणच अस्थानी वाटतं. रशियन भौतिकशास्त्रज्ञ नोविकोव्हचं सुसंगतीचं तत्त्व धरलं तर भूतकाळ बदलताच येत नाही, मागे गेलात तरी तुम्ही जे घडलं त्याचाच भाग ठरता. हॉकिंगने तर १९९२ मध्ये असा अंदाज मांडला की निसर्गाचे नियमच असा प्रवास होऊ देत नाहीत. मंडळाचं काम निसर्गावर सोपवा की, लाच नाही, वशिला नाही.

लंबक:
अहो पण धाग्यात पहिल्याच परिच्छेदात लिहिलंय की त्या जगात बदलता येतं. निसर्ग अडवत नाही म्हणूनच तर माणसाने अडवायला हवं.
आणि रातकिडा, त्या आईचं वाईट मलाही वाटलं, पण तिचा अर्ज मंजूर केला तर उद्या दाराशी रांग लागेल. प्रत्येकाचं कुणीतरी गेलेलं असतं. एक मूल परत आणताना त्या दिवसानंतर जन्मलेली किती मुलं नाहीशी होतील हे ती आई मोजणार नाही, मोजूच शकत नाही, तिची ती अवस्थाच नसते. ते मोजायला कुणीतरी लांबचा, कोरडा माणूस लागतो. नकार देणं हेच मंडळाचं खरं काम आहे आणि ते अवघड आहे.

रातकिडा:
नकार मलाही मान्य आहे हो. नकार देऊन थांबले असते तर मी हा धागा काढलाच नसता. त्यांनी नकार दिला आणि मग विहीरच पुसली, म्हणजे अर्ज आलाच नाही असं झालं. त्या मुलाचं काय झालं कुणालाच माहीत नाही, तो वाचला की मुळात जन्मलाच नाही. आईला विचारायची सोय नाही, तिला मूल होतं हेच तिला माहीत नाही.

सापेक्ष:
एक शंका. सगळं पुसलं गेलं तर ती वही कशी उरली?

रातकिडा:
वहीवर जुना मंत्र आहे, तिच्यापर्यंत बदल पोचत नाही. मंडळाला आपल्या कामाची नोंद हवी होती म्हणून त्यांनीच करून घेतलेला. वाचायची परवानगी मात्र फक्त त्या बाराजणांना, कारकुनाने नुसतं लिहायचं.

लंबक:
मग मंडळ मोडता कशाला, वही त्यांच्या हातातून काढा. ज्यांना जादू येत नाही अशांकडे ठेवा आणि कुणालाही उघडून बघू द्या. बारा जण तेच राहू देत.

रातकिडा:
याचा विचार केला नव्हता. पण ती आई येऊन ते पान वाचेल तेव्हा तिला काय सांगायचं, हे तुम्हीच सांगा. तो प्रसंग लिहायला बसलो की माझा हात अडतो.

लंबक:
काही सांगू नका. कारकुनाला तिच्या शेजारी बसवा आणि वाचू द्या तिला.