कलम २२ : तळटीप वाचाच
असं सांगितलं जातं की ४४व्या घटनादुरुस्तीने (१९७८) प्रतिबंधक स्थानबद्धतेची (गुन्हा घडण्याआधीच, खटल्याशिवाय कोठडीत ठेवण्याची) सल्लागार मंडळाच्या मताशिवायची कमाल मुदत तीनवरून दोन महिन्यांवर आली. कागदावर आली, अंमलात नाही. घटनेची अधिकृत प्रत उघडा, कलम २२(४) काढा : मजकुरात अजून 'तीन महिने'च आहे, दोन महिने फक्त तळटीपेत. कारण दुरुस्तीचं कलम ३ लागू करायची तारीख केंद्राने अधिसूचनेने ठरवायची होती, ती अधिसूचना निघालीच नाही. सल्लागार मंडळ, म्हणजे स्थानबद्धतेला पुरेसं कारण आहे का हे तपासणारं मंडळ, उच्च न्यायालयाच्या मुख्य न्यायमूर्तींच्या शिफारशीने नेमायची तरतूदही त्यातच अडकली, आणि खरं नुकसान तिथेच आहे. ए. के. रॉय खटल्यात (१९८१) सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने सांगितलं, आम्ही सरकारला तारीख काढायला लावू शकत नाही. संसदेने दिलेला हक्क मंत्रालयाच्या फायलीत पडून राहावा, हे मला अजिबात पटत नाही.