रंग्नहिल्ड म्हणजे काय? : आमच्या घरच्या ग्रुपवरची चर्चा

ताई (उप्साला, स्वीडन): सगळ्यांना नमस्कार. बाळ आणि मी दोघी छान आहोत, कालच दवाखान्यातून घरी आलो. बारशाचं सगळेच विचारताय म्हणून एकदाच लिहिते. इथे जन्मानंतर तीन महिन्यांत बाळाचं नाव कर खात्याला कळवायचं असतं, रहिवाशांची नोंद तेच ठेवतात. त्यामुळे घाई नाही. सासरच्यांच्या मनात ‘रंग्नहिल्ड’ आहे. ते माझ्या आजेसासूबाईंचं नाव. त्या गेल्या हिवाळ्यात गेल्या.

काकू: बाळाला आणि तुला खूप आशीर्वाद. पण रंग्नहिल्ड? अर्थ काय गं याचा?

ताई: लिहितात राग्नहिल्ड. पण स्वीडिशमध्ये ‘न’च्या आधीचा ‘ग’ नाकातून येतो. मॅग्नसलासुद्धा इथे ‘मंग्नुस’ म्हणतात. ‘राग्न’ म्हणजे सगळं ठरवणाऱ्या देवता आणि ‘हिल्ड’ म्हणजे लढाई.

काकू: अगं बाई, तान्ह्या मुलीला लढाई कशाला? काहीतरी गोड शोधा ना.

मामा: वहिनी, आपल्याकडेही संग्राम, रणजित आहेतच की.

काकू: ती मुलांची हो.

काका: मला वेगळाच प्रश्न आहे. देवता अधिक लढाई याचा मिळून अर्थ काय? समास कोणता? देवांची लढाई, की देवांसाठी लढाई?

ताई: काका, नेमकं विचारलंत. मीही आधी तसाच विग्रह करून बघत होते. पण या नावांचा बहुतेक वेळा एकत्र अर्थ होतच नाही. ‘गुनहिल्ड’ हे इथलं जुनं, चांगलं रुळलेलं नाव. त्यात ‘गुन’ म्हणजे लढाई आणि ‘हिल्ड’ म्हणजेही लढाई. लढाई-लढाई असं नाव कोणी अर्थ बघून ठेवेल का? ही नावं दोन तुकडे जोडून करत. एक तुकडा वडिलांच्या किंवा आजोबांच्या नावातला, दुसरा आईकडचा किंवा घरात चालत आलेला. नाव ऐकलं की मूल कोणत्या घरचं ते कळावं, हा त्यातला हेतू.

दक्षिण स्वीडनमध्ये ब्लेकिंगे नावाचा प्रांत आहे. तिथल्या ईस्ताबी गावचा एक शिलालेख आता स्टॉकहोमच्या इतिहास संग्रहालयात ठेवलाय. सातव्या शतकाच्या आसपासचा, म्हणजे व्हायकिंगांच्याही आधीचा. त्यावर एका घराण्यातली तीन नावं आहेत: हारिवुल्फ, हाथुवुल्फ, हेरुवुल्फ. सैन्य-लांडगा, लढाई-लांडगा, तलवार-लांडगा. पहिला तुकडा बदलतो, लांडगा प्रत्येक नावात कायम. आजच्या ‘उल्फ’ नावातला लांडगाही तोच, आणि संस्कृतातला ‘वृक’ त्याच मुळातून आलेला. मला तो दगड फार आवडतो. तेराशे वर्षांनंतरही ही एका घरची माणसं आहेत हे नुसत्या नावांवरून कळतं.

काका: वा! हे माहीत नव्हतं.

आत्या: आणि गेलेल्या माणसाचं नाव ठेवायची पद्धत तिकडेही आहे म्हणजे?

ताई: खूप जुनी आहे, आत्या. हयात माणसाचं नाव त्या काळी सहसा ठेवत नसत. आइसलँडच्या जुन्या कथांमध्ये स्नोरी गोदी म्हणून एक सरदार आहे. तो पोटात असताना वडील मारले गेले, म्हणून जन्मल्यावर वडिलांचंच नाव ठेवलं, थोरग्रिम. पण पोरगं इतकं आडदांड निघालं की लोक त्याला भांडखोर अशा अर्थाच्या नावाने हाक मारू लागले. त्याचंच पुढे स्नोरी झालं.

मामा: सवाई माधवराव आठवले. नारायणरावांचा खून झाला आणि 1774 साली पुरंदरावर मुलगा झाला. त्याला नाव दिलं ते वारलेल्या चुलत्याचं.

आजी: आमच्याकडेही तेच होतं. हयात सासूचं नाव नातीला ठेवलं तर नातीला रागवायचं कसं?

मी: ताई, पण पेर, लार्स, नील्स, अँडर्स ही नावं? तुझ्या ऑफिसातले निम्मे लोक त्याच नावांचे आहेत.

ताई: ती चर्चबरोबर आलेली. पेत्रुस, लॉरेन्तियुस, निकोलाउस, आंद्रेआस. इथल्या तोंडात झिजून एवढीशी झाली. तशी मॅग्नसची गोष्ट मात्र निराळी आहे. तो शब्द लॅटिन, ‘महान’ या अर्थाचा. 1024 च्या सुमारास नॉर्वेचा राजा ओलाफ याला रात्री मुलगा झाला. मूल इतकं अशक्त की जगेल असं वाटेना. बाप्तिस्मा लगेच द्यायला हवा होता, पण झोपलेल्या राजाला उठवायची कोणाची हिंमत होईना. शेवटी दरबारी कवी सिग्वात याने जबाबदारी घेतली आणि नाव ठेवलं माग्नुस. सकाळी राजा भडकला, हे आमच्या घराण्यातलं नाव नाही म्हणाला. सिग्वातने सांगितलं, जगातला सर्वांत थोर माणूस मला ठाऊक आहे तो कार्ला-माग्नुस, त्याच्यावरून ठेवलं. म्हणजे फ्रँकांचा सम्राट शार्लमेन. त्या सम्राटाचं खरं नाव कार्ल. माग्नुस ही नुसती पदवी! ते मूल जगलं, राजा झालं आणि तेव्हापासून हे नाव उत्तरेकडच्या राजघराण्यांत शिरलं. स्नोरी स्तुर्लुसोन या आइसलँडच्या इतिहासकाराने (मघाचा स्नोरी वेगळा) तेराव्या शतकात हे लिहून ठेवलंय. संवाद शब्दशः असेच झाले असतील असं नाही, पण राजाला राग कशाचा आला ते बघा. अर्थाचा नाही, परक्या घरच्या नावाचा.

काका: यावरून आठवलं, नॉर्वेचा हाकोन राजा मुळात डॅनिश होता ना?

ताई: हो! 1905 मध्ये नॉर्वे स्वीडनपासून वेगळा झाला आणि डेन्मार्कच्या राजपुत्र कार्लला राजा व्हायला बोलावलं. तो हाकोन सातवा झाला. सहावा हाकोन 1380 मध्ये वारला होता, म्हणजे सव्वापाचशे वर्षांनी ते नाव परत गादीवर बसलं. दोन वर्षांच्या मुलाचं अलेक्झांडर बदलून ओलाव केलं. आणि या ओलावची मुलं कोण, तर रंग्नहिल्ड, आस्ट्रिड आणि हाराल. थोरली 1930 मध्ये जन्मली. काकू, तुम्हाला जड वाटतंय ते नाव एका राजकन्येचं होतं.

काकू: मग ते आस्ट्रिड काय वाईट आहे? म्हणायला सोपं.

ताई: सुंदरच आहे. ‘आस’ म्हणजे देव आणि ‘फ्रिड’ म्हणजे रूपवान. त्याचंच जुनं रूप एस्ट्रिड. स्टॉकहोमजवळ टेबी भागात ब्रोबी पुलाशी अकराव्या शतकातला एक शिलालेख आहे. तो एस्ट्रिड नावाच्या बाईने नवऱ्याच्या, ओस्टेनच्या, आठवणीसाठी उभारला. तो जेरुसलेमला गेला आणि ग्रीसमध्ये वारला, असं तिने कोरून ठेवलंय. त्यांच्या एका मुलाचं नावही ओस्टेनच.

पण काकू, आमच्या घरात आस्ट्रिड कोणी नव्हती. रंग्नहिल्ड होती. मला तिने लोकरीचं विणायला शिकवलं, माझं मोडकंतोडकं स्वीडिश तासन् तास ऐकून घेतलं. मी ‘हिल्ड’चा अर्थ लढाई म्हणून सांगितला, पण इथे ते नाव ऐकताना लढाई कोणाच्या डोक्यात येत नाही. आम्हाला ती आठवते.

काकू: हे आधी सांगायचंस गं. मग माझी काही हरकत नाही.

मामा: एक मधली शंका. फ्रेया हे देवीचं नाव आणि आपलं ‘प्रिया’ एकच का? कुठेतरी वाचलं होतं.

ताई: फ्रेया नाही मामा, ती ‘स्वामिनी’. प्रियाशी नातं आहे ते फ्रिगचं, इथल्या जुन्या देवांचा राजा ओडिन याच्या बायकोचं. इथे शुक्रवारला ‘फ्रेडाग’ म्हणतात तो तिचाच वार. पण डेन्मार्कमध्ये मुलींची नावं ठेवतात ती फ्रेया, फ्रिग फारशी कोणी ठेवत नाही.

आत्या: आपल्या बाजूचं काहीच नाही का मग मुलीला?

ताई: आहे ना, त्यासाठीच तर लिहिलं. इथे दोन-तीन नावं देता येतात आणि त्यातलं हाक मारायचं कोणतं ते वेगळं नोंदवतात. ते पहिलंच असावं लागतं असंही नाही. आपल्या घरातलं, आता हयात नसलेल्या बाईचं नाव हवंय मला. आजी, तूच सांग.

आजी: माझ्या सासूबाईंचं नाव मुक्ता. लिहिता-वाचता येत नव्हतं, पण अख्ख्या वाड्याचा हिशोब तोंडी ठेवायच्या. त्यांचं नाव अजून कोणालाच गेलेलं नाही.

काका: आमच्या आजीचं! वाईट वाटतं, आम्ही कोणीच ठेवलं नाही.

ताई: इथल्या लोकांनाही म्हणता येईल. मी आत्ताच विचारलं, याला पसंत आहे. मुक्ता रंग्नहिल्ड. हाकेचं नाव मुक्ता.

आत्या: की रंग्नहिल्ड मुक्ता?

ताई: सासूबाईंना विचारून क्रम ठरवते. हाकेचं मुक्ता पक्कं. बारसं रविवारी, तुमच्या दुपारी चार वाजता व्हिडिओवर. आत्या, पाळणा तू म्हणायचास.

आत्या: म्हणते. ते दुसरं नाव बोलून पाठव, कानात कुर्र करायच्या आधी सराव करते.

काका: तिकडे कॅलेंडरात रोज नावं छापतात ना? हिचं आहे का?

ताई: मुक्ता नाही, पण रंग्नहिल्ड आहे, 15 जुलैला. त्या दिवशी केक करायचा असतो.

आजी: शिराही कर.