विजयदुर्ग 1756 : नानासाहेबांना अजून किती झोडपायचं?

सुकाणू

फेब्रुवारी आला की तो मजकूर फिरायला लागतो. ‘पेशव्यानं मराठ्यांचं आरमार इंग्रजांकडून जाळून घेतलं.’ परवा आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर आला, सोबत सूर्यास्तात उभ्या असलेल्या भलत्याच युरोपीय जहाजाचं चित्र. म्हटलं, एकदा बसून लिहूच.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. मराठा आरमाराचे प्रमुख कान्होजी आंग्रे 1729 मध्ये गेले. मुलांमध्ये वाटे पडले आणि पुढे कुलाबा मानाजीकडे, विजयदुर्ग-सुवर्णदुर्ग तुळाजीकडे राहिले. मार्च 1755 मध्ये मुंबईकर इंग्रज आणि नानासाहेब पेशव्यांतर्फे रामाजी महादेव यांच्यात तुळाजीविरुद्ध करार झाला. एप्रिलमध्ये कमोडोर जेम्सनं सुवर्णदुर्ग घेतला. फेब्रुवारी 1756 मध्ये अ‍ॅडमिरल वॉटसन आणि क्लाइव्ह विजयदुर्गावर चालून आले. तुळाजीचा ताफा खाडीत जळून गेला, 13 तारखेला किल्ला पडला.

आता माझं म्हणणं. जळाला तो तुळाजीचा ताफा. ‘मराठ्यांचं आरमार’ म्हणजे एवढंच नव्हतं. मानाजी पेशव्यांच्या बाजूला होता. 1739 ला चिमाजीअप्पांनी वसई घेतल्यावर तिथं पेशव्यांचं स्वतःचं आरमार उभं राहिलं होतं. सुवर्णदुर्गावर जेम्ससोबत 7 गुराबा (मोठी लढाऊ जहाजं) आणि 60 गलबतं (लहान, वल्ह्यांची) गेली, ती कुणाची? आपलीच की. तुळाजी खंडणी देत नव्हता, पुण्याचं ऐकत नव्हता, सावंतवाडीकर आणि बावडेकर अमात्यांशी त्याचं वाकडं होतं. असा सरदार घाटावर असता आणि पेशव्यांनी त्याला मोडला असता, तर आपण त्याला बंडखोर म्हणून मोकळे झालो असतो. समुद्रावर होता म्हणून हुतात्मा!

आणि 1756 ला सगळं संपलं म्हणावं, तर 1783 मध्ये पेशव्यांच्या आरमाराच्या आनंदराव धुळपांनी रत्नागिरीच्या किनाऱ्याजवळ इंग्रजांचं ‘रेंजर’ जहाज पकडलं ते कशाच्या जोरावर?

बखरवाचक

सुकाणूराव, वकिली फर्मास आहे. पण अशिलाच्या सहीचा कागद तुम्ही वाचून दाखवला नाहीत.

1755 च्या करारात काय होतं ते बघा. समुद्रावरचा हुकूम इंग्रजांचा. इंग्रजांच्या हाती लागलेली आंग्र्यांची जहाजं इंग्रजांची, त्यावरच्या तोफा आणि सामान तेवढं पेशव्यांचं. शिवाय बाणकोट आणि पाच गावं कायमची इंग्रजांना. म्हणजे गुराब त्यांनी ठेवायची आणि तोफ आपण उतरवून घ्यायची! तोफ घेऊन काय पर्वतीवर नेणार होता?

तुमच्या त्या 60 गलबतांबद्दलही सांगतो. ती तोफेच्या टप्प्यात यायला तयार नव्हती असं इंग्रजांच्याच वृत्तांतात आहे. वैऱ्याचं म्हणणं म्हणून अर्धं सोडून द्या, तरी किल्ला जेम्सच्या ‘प्रोटेक्टर’ जहाजानं फोडला हे उरतंच.

आता विजयदुर्ग. तुळाजी त्या वेळी गडावर नव्हता. तो बोलणी करायला मराठ्यांच्या छावणीत आला होता. मामला आपसात मिटायच्या बेतात होता, आणि नेमकं तेच वॉटसनला नको होतं. मुंबईहून निघायच्या आधीच लुटीत कुणाचा किती वाटा ते या लोकांनी ठरवून ठेवलं होतं. क्लाइव्ह 12 तारखेच्या रात्री जमिनीवर उतरला तो किल्ला आणि रामाजीपंतांची फौज यांच्या मध्ये. आपल्या दोस्तानं आपल्याआधी किल्ल्यात शिरू नये म्हणून! सुमारे 10 लाखांचा ऐवज आपसात वाटून घेतला आणि किल्ला ऑक्टोबरपर्यंत सोडला नाही.

तुळाजी बंडखोर होता? असेल. घरच्या भांडणात पोराला वठणीवर आणायला कुणी दरोडेखोराला किल्ली देतं का?

घाटावरचा

+1 बखरवाचक.
रामाजीपंत बाहेर उभे आणि आत नाणी मोजतायत. हे चित्र फिरवा की ग्रुपवर, सूर्यास्त कशाला.

चीफमेट

मी व्यापारी जहाजावर आहे, इतिहास हा रिकामपणीचा धंदा. राजकारण बाजूला ठेवून दर्यावरचं बोलतो.

आंग्र्यांची लढायची रीत समजून घ्या. गुराब दोन-तीन डोलकाठ्यांची, नाळ पुढे लांब आणि सपाट, तिथून समोर मारा करणाऱ्या तोफा. गलबत लहान, 40-50 वल्ही. वारा पडला की मोठं शिडाचं जहाज जागच्या जागी भोपळ्यासारखं तरंगतं. गलबतं तेव्हा गुराबांना ओढत त्याच्या पिछाडीला आणायची. मोठ्या जहाजाच्या तोफा दोन्ही कुशीत, मागे जेमतेम एक-दोन. मग मागून सुकाणू आणि डोलकाठ्या फोडायच्या आणि शेवटी गलबतातली माणसं वर चढवायची. 1735 ला संभाजी आंग्र्यांनी ‘डर्बी’ धरलं, 1749 ला तुळाजीनं ‘रेस्टोरेशन’ धरलं, ही काही नशिबाची गोष्ट नव्हे.

पण ही सगळी विद्या मोकळ्या पाण्यातली. विजयदुर्गावर ताफा खाडीत, किल्ल्याच्या आडोशाला, एकमेकांना बांधून ठेवलेला होता. समोर ‘केंट’, ‘कंबरलँड’, ‘टायगर’, प्रत्येकी 60 किंवा जास्त तोफा. ही कंपनीची व्यापारी जहाजं नव्हेत, राजाच्या आरमाराची लढाऊ जहाजं. एक बाँब त्याच पकडलेल्या ‘रेस्टोरेशन’वर पडला, ते पेटलं, आणि आग दोरखंडांवरून शेजारी गेली. तासाभरात खेळ खलास. जेम्स डिसेंबर 1755 मध्येच येऊन पाण्याची खोली मोजून गेला होता, कुठं नांगर टाकायचा ते त्याला पाठ होतं. आपल्यापैकी कुणी मुंबई बंदराचा तळ असा मोजला होता का?

दोष द्यायचा तर ताफा आत बांधून ठेवणाऱ्यालाही द्या. फेब्रुवारीत दर्या शांत असतो, बाहेर पळायला वाट होती.

देवगडकर

गाववाल्यांनू, जरा माझा पण ऐका. किल्ल्याची भांडणं सगळे करतात, गोदी कुणी बघितली आहे का?

विजयदुर्गाच्या अलीकडे गिर्ये म्हणून गाव आहे. तिथं वाघोटण खाडीच्या काठी खडक फोडून केलेली आंग्र्यांच्या वेळची गोदी आहे. मामाचा गाव जवळच, लहानपणी आम्ही कुर्ल्या पकडायला जायचो. ओहोटीला आत उतरलं की गुडघाभर चिखल, कडेला फोडलेल्या दगडाच्या पायऱ्या-पायऱ्या, आणि तोंडाशी भिंत. भरतीला जहाज आत घ्यायचं, पाणी उतरलं की बुडाची कामं करायची. आज मोठी माहिती देणारी पाटी सोडा, वाट दाखवायला पण माणूस लागतो.

सांगायचं एवढंच की चीफमेट म्हणतात तशी 12 फेब्रुवारीला लाकडं जळली. गोदी जळली नाही. गाबीत, भंडारी, कोळी तिथंच राहिले. म्हणून तर पुढे धुळपांना त्याच खाडीतून आरमार काढता आलं. माझ्या गावातल्या म्हाताऱ्यांना विचारा, तुळाजीपेक्षा धुळपांच्या गोष्टी जास्त सांगतील. सुकाणूंचं या बाबतीत चुकत नाही.

सुकाणू

देवगडकर, धन्यवाद. एकटा पडलो होतो.

बखरवाचक

एकटेच आहात. :) गोदी उरली म्हणता, मान्य. त्याच सुमाराला मुंबईत काय चाललं होतं? 1736 मध्ये सुरतेहून जहाजं बांधणाऱ्या लवजी नसरवानजी वाडियांना आणून बसवलं, 1750 मध्ये कोरडी गोदी बांधून काढली. भरती-ओहोटीची वाट बघायची नाही, दार लावा, पाणी काढा, जहाज हवं तितके दिवस कोरडं ठेवा. गिर्ये आणि मुंबई यातलं अंतर दर वर्षी वाढत होतं, आणि अशा वेळी पेशवे त्यांना बाणकोट बक्षीस देत होते.

अरबीवारा

बारा वर्षं मस्कतला आहे, म्हणून इथलं उदाहरण देते. धागा जरा भरकटेल, चालवून घ्या.

ओमानच्या लोकांनी 1650 मध्ये पोर्तुगीजांकडून मस्कत घेतलं. तेवढ्यावर थांबले नाहीत. पोर्तुगीजांच्या मागे लागून आपल्या पश्चिम किनाऱ्यापर्यंत आले, आणि 1698 मध्ये आफ्रिकेतल्या मोंबासाचा फोर्ट जीझस घेतला. हे कसं जमलं? कारण जे लोक लढत होते त्यांचीच जहाजं खजूर, घोडे आणि आफ्रिकेचा माल नेत होती. त्यात गुलामही होते, ते लपवण्यात अर्थ नाही. लढाऊ जहाज पोसायचा खर्च व्यापारातून निघायचा.

आंग्र्यांचं उत्पन्न कशावर? दस्तक (समुद्रावर जायचा परवाना) आणि लूट. दस्तक घ्या, नाहीतर जहाज धरतो. लूट मिळेल तोवर ताफा चालणार. शिवाजी महाराजांची जहाजं मोख्याला व्यापाराला जात होती, ती परंपरा पुढे कुणी वाढवली? पेशव्यांनी नाही, आणि तुळाजीनं तर नाहीच. माझ्या मते 1756 चा दोष दोघांचाही दुय्यम आहे. मागे व्यापारी जहाजं नसलेलं आरमार एका हंगामात संपू शकतं.

बखरवाचक

ताई, मस्कतचं उदाहरण आवडलं, पण दस्तकाला लुटीच्या पंगतीत बसवू नका. पोर्तुगीज सोळाव्या शतकापासून कार्ताझ, म्हणजे त्यांचा परवाना, विकत होते. कार्ताझ नसेल तर जहाज जप्त. दुसऱ्याच्या समुद्रात येऊन परवाना विकणारा तो कायदा, आणि स्वतःच्या किनाऱ्यावर दस्तक मागणारा कान्होजी समुद्री चाचा? इंग्रज स्वतः पास देत होते आणि आंग्र्यांचा मानत नव्हते. भांडण मुळात परवाना कुणी विकायचा याचं होतं. लुटीचा आरडाओरडा मागाहूनचा.

आणि ओमानचा दाखला पुरा द्या की. त्यांच्यातही इमामाच्या गादीवरून यादवी झाली, इराणच्या नादिरशहाची फौज बोलावली गेली. भाऊबंदकीत परका बोलावणं ही आपलीच मक्तेदारी नाही.

अरबीवारा

ते खरं. पण इराण्यांना अहमद बिन सईदनं बाहेर घालवलं आणि त्याचंच घराणं आजही गादीवर आहे. आपल्याकडे बोलावलेला पाहुणा गेलाच नाही.

कार्ताझचा मुद्दा मान्य. मी दस्तकाला बेकायदा म्हटलं नव्हतं, अपुरा म्हटलं होतं.

घाटावरचा

सगळे विजयदुर्गाच्या बुरुजावर चढून बसलेत. वॉटसनचा ताफा मुळात मुंबईत काय करत होता हे कुणी बोलतच नाही.

तो आला होता फ्रेंचांसाठी. दख्खनमध्ये निजामाजवळ फ्रेंच सेनापती बुसी बसला होता, त्याच्यावर मराठ्यांना सोबत घेऊन चालून जायचा बेत होता. तेवढ्यात मद्रासेकडे इंग्रज-फ्रेंच तह झाला आणि बेत बारगळला. राजाची लढाऊ जहाजं आणि क्लाइव्हची फौज मुंबईत हात चोळत बसली. रिकामी फौज महाग असते. तुळाजीवर नेली. तिथून हीच मंडळी मद्रासला, मग बंगालला. 2 जानेवारी 1757 कलकत्ता, मार्चमध्ये फ्रेंचांचं चंद्रनगर, जूनमध्ये प्लासी. लंडन-पॅरिसच्या भांडणातल्या फावल्या वेळात आपलं आरमार गेलं. नानासाहेबांचा डाव एका किल्ल्याचा, समोरचा खेळत होता अख्ख्या किनाऱ्याचा.

सुकाणू

आता खरी चर्चा झाली. दोन गोष्टी कबूल करतो. करारातलं ‘समुद्रावरचा हुकूम इंग्रजांचा’ हे कलम मी हलकं घेतलं होतं. तुळाजीला मोडणं समजू शकतो, पण ते कलम लिहून देणं म्हणजे आपल्या अंगणाची वहिवाट दुसऱ्याच्या नावे करणं. आणि बाणकोटचा बचाव माझ्याकडे नाही. सावित्रीचं मुख हातचं घालवलं.

पण तुळाजीला देव्हाऱ्यात बसवायला मी अजूनही तयार नाही. 1721 मध्ये इंग्रज-पोर्तुगीज मिळून कुलाब्यावर आले तेव्हा कान्होजींच्या मदतीला घाटावरून बाजीरावाची फौज उतरली. समुद्र आणि घाट एकत्र होते म्हणून ते परत गेले. तुळाजीनं घाट तोडला, नानासाहेबांनी समुद्र. मला 1756 चा निकाल असा अर्धा-अर्धा वाटतो.

बखरवाचक

अर्धा-अर्धा नाही. ज्याच्या हाती राज्य, त्याचा वाटा मोठा. ऑक्टोबर 1756 चा तह बघा. विजयदुर्ग परत मिळाला, पण बाणकोटबरोबर दहा गावं गेली आणि वर एक अट. डचांना मराठ्यांच्या मुलखात व्यापार करू द्यायचा नाही. आपल्या बंदरात कुणी उतरायचं हे मुंबईचा गव्हर्नर ठरवणार, आणि सही आपली! 1759 मध्ये त्यांनी सुरतेचा किल्ला घेतला. तिथल्या मुघल आरमाराची नेमणूकही त्यांच्याकडे गेली. तुळाजी असता तर हे इतक्या बिनघोर झालं असतं?

चीफमेट

तुळाजी असता तरी सुरतेपर्यंत पोचला असता असं वाटत नाही. त्याचा पल्ला दक्षिणेकडचा. मध्ये मुंबई आणि जंजिरा.

‘रेंजर’वर एक टीप. ती झुंज एप्रिल 1783 ची, मराठे-इंग्रजांमधला सालबाईचा तह 1782 चा. धुळपांनी जहाज धरलं तेव्हा दोन्ही सरकारांत तह झालेला होता, म्हणून पकडलेले इंग्रज अधिकारी सोडून द्यावे लागले. मोकळ्या पाण्यात, जुन्या पद्धतीनं जिंकलेली लढाई, आणि निकाल पुण्यात कागदावर लागला.

देवगडकर

दोघांनी निरोप पाठवून गोदीची वाट विचारली, म्हणून इथंच लिहितो. देवगडहून विजयदुर्गाची एसटी पकडा, गिर्येला उतरा. पंचांग बघून ओहोटी गाठा, भरतीला नुसतं पाणी दिसेल. चपला काठावर काढून ठेवा, आत कालवांचे धारदार शिंपले आहेत, तेव्हा जुने बूट असले तर उत्तम. मामाकडे सांगून ठेवतो, दुपारी मासळीचं जेवण होईल.

घाटावरचा

मी शाकाहारी आहे. बखरवाचकांना धाडा.